विराजधानणे आणि वेताची खुर्ची

मुख्य कचेरीच्या जिन्याखाली एक तिरकी खोली होती. तिचे छत जिन्याच्या उताराबरोबर खाली येत असल्यामुळे दाराशी माणसास ताठ उभे राहता येई, मध्यभागी नम्र व्हावे लागे, आणि टोकाला वेताच्या पट्ट्या भिजत घातलेल्या बादलीखेरीज कोणाचाही निभाव लागत नसे. या खोलीत ज्या गृहस्थांनी आपले सारे उमेदीचे आयुष्य खुर्च्या विणण्यात घालविले, त्यांना कचेरीतील लहानथोर सर्वजण खुर्चीमामा म्हणत.

खुर्चीमामांना माणसे चेहऱ्यावरून फारशी ओळखू येत नसत. त्यांची ओळख पटे ती बैठकीवरून. खुर्ची दुरुस्तीस आली की जाळी कोठे सैल पडली, कोणती कड तुटली, यावरून तिचा धनी मामांच्या डोळ्यांपुढे उभा राही, किंबहुना बसे. मोठे कारकून डाव्या अंगावर कलून बसत, खजिनदार पुढच्या काठावर टेकत, आणि दप्तरखान्यातील बाई खुर्चीत पाय वर घेऊन बसत, हे गुपित मामांनी कधी बाहेर फोडले नाही. एकदा बाजारात एका गृहस्थांनी मामांची आपुलकीने विचारपूस केली. मामा "हो, हो" म्हणत राहिले, पण ओळख काही लागेना. गृहस्थ निरोप घेऊन पाठमोरे झाले, तेव्हा कोठे मामांचा चेहरा उजळला आणि त्यांनी भर बाजारात मोठ्याने विचारले, "अहो साहेब, तुमची मागची उजवी बाजू आता टोचत नाही ना?" त्या गृहस्थांनी पुढे कित्येक दिवस बाजार बदलला.

एवढे असूनही मामा स्वतः कधी खुर्चीवर बसले नव्हते. काम जमिनीवर, गोणपाटावर, दोन्ही पायांत चौकट धरून करावयाचे असे. मामी त्यांना म्हणत की जन्मभर दुसऱ्यांच्या बुडाची काळजी वाहिली, स्वतःच्या बुडाखाली मात्र गोणपाट. मामांना त्या वाक्यात चूक काढता येत नसे.

उतारवयात मामा प्रौढांच्या वर्गास जाऊ लागले. वर्ग संध्याकाळी लहान मुलांच्या शाळेत भरे. बाके इतकी बुटकी होती की बसल्यावर मामांचे गुडघे कानांशी गप्पा मारीत. शिकविणाऱ्या बाई त्यांच्या मुलीहून लहान होत्या. परंतु मामा त्यांच्यापुढे उभे राहिल्याशिवाय उत्तर देत नसत, आणि त्या बाकातून उभे राहणे हेच एक उत्तर होऊन बसे. अक्षर ओळखू येऊ लागल्यापासून मामांनी रस्त्यावरील एकही पाटी वाचल्याशिवाय सोडली नाही. येथे थुंकू नये, गाडी लावू नये, भिंतीस टेकू नये, हे सर्व ते मामींना उभे राहून, स्पष्ट उच्चारात वाचून दाखवीत. मामींचे म्हणणे असे होते की यांना वाचता येत नव्हते तेव्हा आपण दिवेलागणीच्या आत घरी पोहोचत होतो.

मामांना एकच घोर होता. कचेरीत हळूहळू गादीच्या खुर्च्या येऊ लागल्या होत्या. मुलगी आणि जावई दूरच्या गावी राहत. त्यांचा सारखा निरोप येई की आता ते जिन्याखालचे बीळ सोडा आणि आमच्याकडे येऊन आराम करा. मामांनी त्यांना शब्द दिला होता की ज्या दिवशी विणावयास एकही खुर्ची उरणार नाही, त्या दिवशी किल्ली परत करू आणि येऊ. शब्द दिला खरा, पण आरामाची त्यांना धास्ती होती. मागे एकदा ते मुलीकडे राहावयास गेले असता त्यांना सोफ्यावर बसवून ठेवण्यात आले. आल्या दिवशी ते अवघडून बसले, दुसऱ्या दिवशी उसासे टाकीत बसले, आणि त्यानंतर जावई कामावरून परतले तेव्हा घरातील चांगले धडधाकट स्टूल उसवून मामा ते पुन्हा विणीत होते. जिन्याखालची खोली गेली तर आपण जगू, पण कशाला, असे त्यांना वाटे; आणि हे त्यांनी मामींखेरीज कोणास सांगितले नव्हते.

अशा स्थितीत एके सकाळी कचेरीच्या फाटकावर सूचना लागली. फाटकावरील शिपाई चष्मा घरी विसरला होता. निदान त्याने तसे सांगितले. त्याने मामांना हाक मारून म्हटले, "मामा, तुम्ही आता शिकलेले. वाचा बघू, काय म्हणतंय सरकार."

मामांनी हात धुतले, सदऱ्याचे बटण लावले आणि वाचले. सूचनेत लिहिले होते की हे नगर येत्या सोमवारी विराजधानण्यात येत आहे. त्यासाठी वरिष्ठ साहेब स्वतः येतील आणि कचेरीच्या पायरीवर उभे राहून आदेश वाचतील. उभ्याने वाचून होताच आदेश लागू होईल.

"विराजधानण्यात म्हणजे काय करण्यात?" शिपायाने विचारले.

तोपर्यंत पाच-पंचवीस माणसे जमली होती आणि सर्वजण मामांकडे पाहत होते. मामांना आजवर कोणी अर्थ विचारला नव्हता. वर्गात बाईंनी शिकविले होते की मोठा शब्द आला तर घाबरू नये, त्याचे तुकडे करावेत. मामांनी तुकडे केले. "विराज" हा तुकडा स्वच्छ होता. विराजणे म्हणजे थाटाने बसणे. राहिले "धान", ते त्यांच्या कानाला "दाणी"सारखे लागले. त्यांनी मान वर करून सांगितले, "फुलदाणीत फुले ठेवतात. साखरदाणीत साखर ठेवतात. तशी विराजदाणी. जिच्यात विराजतात ती."

"म्हणजे खुर्ची," शिपाई म्हणाला.

"म्हणजे खुर्ची," मामा म्हणाले. सरकार या नगरास खुर्च्या देणार होते. वेताच्या, कारण गादीच्या खुर्चीत माणूस विराजत नाही, रुततो.

हा अर्थ दुपारपर्यंत गावभर झाला. पण एकटा राहिला नाही. रेशनच्या दुकानदाराने तोच शब्द दुसरीकडे तोडला. त्याच्या मते शेवटी स्पष्ट "धान" होते, त्याच्यामागे "राज" होते, म्हणजे राज्याचे धान्य. आणि आरंभी "वि" होता, म्हणजे ते बंद. झाले. लोक पिशव्या घेऊन त्याच्या दारात उभे राहिले आणि एका काकूंनी तर तांदळाच्या पोत्यावर बैठकच मारली. घरी मामींनी शब्द नीट ऐकून घेतला आणि त्यांना त्यात विरजणच ऐकू आले. त्या म्हणाल्या की सरकारने आजवर ज्याला ज्याला हात लावला त्यावर विरजणच पडलेले आहे, तेव्हा इतका लांब शब्द कशाला, आम्हाला थोडक्यातही समजले असते.

मामा संध्याकाळी वर्गात गेले आणि त्यांनी बाईंना उभे राहून विचारले. बाईंनी शब्द फळ्यावर लिहिला, दोन पावले मागे सरून पाहिला, पुन्हा पुढे येऊन पाहिला. मग त्या म्हणाल्या की शब्दाचे खरे तुकडे "वि" आणि "राजधानी" असे दिसतात; अडचण आहे ती "वि"ची. विख्यात म्हणजे फारच ख्यात. पण विफल म्हणजे फळ नसलेले. हा उपसर्ग कधी देतो, कधी काढून घेतो. त्यामुळे विराजधानणे म्हणजे एकतर विशेष राजधानी करणे, नाहीतर आपल्या नगराची आज आहे ती राजधानी नाहीशी करणे.

"मग यातला कोणता, बाई?"

"ते शब्दावरून कळणार नाही, मामा. ते साहेब आल्यावर कळेल."

मामांनी घरी परतताना वाटेतील एकही पाटी वाचली नाही. त्यांच्या मनात "वि" घोळत होता. शेवटी त्यांनी ठरविले की ज्या सरकारने आपल्यासाठी इतका मोठा शब्द घडविला, ते तो काही काढून घेण्यासाठी घडवील, हे संभवत नाही. नगर विशेष राजधानी होणार. विशेष राजधानीस विशेष खुर्च्या लागणार. आणि आपण कोण आहोत हे साहेबांना पहिल्याच बैठकीत कळले पाहिजे.

अडगळीत एका जुन्या अध्यक्षांची रुंद चौकटीची खुर्ची पडून होती. ते अध्यक्ष देहाने प्रशस्त होते. मामांनी ती खाली आणविली, पाय घट्ट केले, आणि हातातले सारे काम बाजूस सारून तिच्यावर जाळी धरली. असे विणकाम त्यांनी पूर्वी केले नव्हते. नेहमीची जाळी करून तिच्यात त्यांनी कमळासारखी आकृती आणली आणि ती साधावी म्हणून वेत नेहमीपेक्षा अधिक भिजविला. मामी डबा घेऊन आल्या तेव्हा त्यांनी बोटाने जाळी दाबून पाहिली. त्या म्हणाल्या की ही अजून पापडाच्या पिठासारखी लवते आहे. मामांनी सांगितले की सोमवार सकाळपर्यंत वाळेल. वेत वाळला की आवळतो, मग त्यावर हत्ती बसला तरी तो वर राहतो.

साहेब सोमवारी सकाळी आलेच. पण वाळण्याच्या आधी आले. देहाने तेही प्रशस्त होते. लांबचा प्रवास करून त्यांची पाठ धरली होती, आणि पायरीवर मांडलेली ती कमळाची खुर्ची पाहताच त्यांचा चेहरा मऊ झाला. मोठ्या कारकुनांनी "विराजावे" म्हटले. मामा खांबाआडून धावत पुढे आले, हात वर करून म्हणाले, "साहेब, जरा ऊन लागू द्या तिला," पण तोवर साहेब विराजले होते.

जाळीने आवाज केला नाही. ती फक्त खाली गेली, आणि साहेब तिच्याबरोबर गेले. त्यांचे गुडघे वर आले, हनुवटी गुडघ्यांना टेकली, आणि आदेशाचा कागद त्यांच्या पोटावर राहिला. साहेबांनी प्रसंग सावरण्यासाठी खुर्ची आरामदायी असल्याचे सांगितले. मोठ्या कारकुनांनी स्वागतपर भाषण केले. ते लांबले. ऊन पायरीवर चढत होते. भाषण संपून साहेब उठू लागले तेव्हा मामांचा शब्द खरा झालेला होता: वेत वाळला होता आणि आवळला होता. साहेब उठले म्हणजे खुर्चीही उठली. चार शिपायांनी खुर्ची धरली, दोघांनी साहेब धरले, तरी दोघांची ताटातूट झाली नाही.

"बसूनच वाचू का?" साहेबांनी विचारले.

मोठे कारकून नियमांचे पक्के होते. त्यांनी खेदपूर्वक सांगितले की सूचनेत "उभे राहून" असे स्पष्ट आहे.

तेव्हा शिपायाने, जो हे सारे पाहून फार आनंदित झाला होता, साहेबांना म्हटले की वाचायचे तेव्हा वाचा, पण त्या शब्दाचा अर्थ तेवढा सांगा. गावात त्यावरून तांदूळ अडला आहे.

साहेब खुर्चीच्या तळातून म्हणाले, "अहो, साधा अर्थ आहे. राजधानीपण काढून घेणे. राजधानी दुसरीकडे चालली, कचेऱ्याही चालल्या. आधीच्या एका गावाला तसं सरळ लिहून कळवलं होतं, तर लोक रडायला लागले. म्हणून खात्यानं हा शब्द तयार केला. हा वाचून अजून कोणी रडलेलं नाही."

मामा खांबाला धरून उभे राहिले. "वि"ने काढून घेतले होते. खोली, बादली, डोक्यावरच्या जिन्यावरून जाणारे बूट, सगळे. मुलीच्या घरचा सोफा त्यांना डोळ्यांपुढे इतका स्पष्ट दिसला की त्याच्या गादीवरील फुलेही मोजता आली असती. मामी गर्दीत होत्या. त्यांनी विरजणाविषयी काहीही म्हटले नाही, आणि त्यावरून मामांना समजले की त्यांनाही वाईट वाटले आहे.

एवढ्यात गर्दीत एक विचार कुजबुजत फिरू लागला. साहेब उभे राहिल्याखेरीज आदेश लागू होत नव्हता, आणि साहेब उभे राहू शकत नव्हते. म्हणजे ते जोवर खुर्चीत होते तोवर नगर राजधानी होते. हे ध्यानात येताच लोकांना साहेबांविषयी अपार माया वाटू लागली. कोणी छत्री धरली, कोणी उशी आणली, तांदळाच्या पोत्यावरील काकूंनी पंख्याने वारा घातला. मोठ्या कारकुनांनी स्वतः चहा पाजला आणि साहेबांनी येथेच कायम राहावे अशी सर्वांची इच्छा असल्याचे सांगितले. साहेब मात्र आता घामाघूम झाले होते. पायाला मुंग्या आल्याचे ते सांगत होते आणि कोणीतरी हे वेत कापा म्हणून विनवीत होते.

वेत कापावयाचा सुरा गावात एकच होता आणि तो मामांच्या कमरेला होता.

मोठे कारकून मामांजवळ आले. त्यांना स्वतःस घर, बाग आणि म्हातारी आई सोडून जावयाचे नव्हते. ते हलक्या आवाजात म्हणाले, "मामा, घाई करू नका. तुमची खोलीही याच्यावरच आहे. सुरा बोथट असेल, धार लावायला वेळ लागतोच."

मामांनी सुरा काढून पाहिला. तो बोथट नव्हता. मग त्यांनी साहेबांकडे पाहिले. त्यांच्या इतक्या वर्षांच्या कामात जाळीतून माणूस खाली गेला असे झाले होते, जाळीने माणूस टोचला असेही झाले होते; पण जाळीने माणूस धरून ठेवला असे कधी घडले नव्हते. ते मोठ्या कारकुनांना म्हणाले, "बसलेल्याला उठता येत नसेल तर ती खुर्ची नव्हे, पिंजरा आहे. पिंजरे मी विणत नाही."

आणि ते साहेबांपाशी खाली बसले. कमळाच्या पाकळ्या ज्या क्रमाने विणल्या होत्या त्याच्या उलट क्रमाने त्यांनी कापावयास घेतल्या. हात सावकाश चालला, परंतु थांबला नाही. शेवटची पट्टी तुटली तेव्हा साहेब चौकटीतून सुटून पायरीवर उभे राहिले. त्यांच्या कमरेभोवती वेताचे कडे तसेच राहिले होते, जणू कुंडीसकट उपटलेले झाड. त्यांनी पाय झटकले, मामांकडे एकदा पाहिले, कागद सरळ केला आणि वाचले. नगर विराजधानले गेले.

लोक निघू लागले. मामांनी किल्लीसाठी खिशात हात घातला. परंतु साहेबांचे वाचन संपले नव्हते. आदेशास पुढेही मजकूर होता आणि तोही उभ्यानेच वाचणे भाग होते. त्यात म्हटले होते की प्रत्येक कर्मचारी आपापल्या खुर्चीसह नव्या राजधानीत रुजू होईल. ज्याची खुर्ची दुरुस्तीत असेल, तो ती दुरुस्त होईपर्यंत आहे तेथेच काम करील.

साहेबांनी कागदाची घडी केली. मग पहिल्या मजल्यावर, मोठ्या कारकुनांच्या खोलीच्या बाजूस, "कड" असा आवाज झाला. मोठे कारकून पायरीवर दिसत नव्हते. थोड्या वेळाने खजिनदारांच्या खोलीत "कड" झाले. मग दप्तरखान्यात, मग वर, मग त्याहून वर, असे आवाज येऊ लागले, जणू साऱ्या इमारतीने बोटे मोडावयास घेतली होती.

मोठे कारकून खुर्ची डोक्यावर घेऊन जिना उतरले. त्यांचा एक बूट जाळीतून आरपार गेलेला होता आणि तो तेथेच लोंबत होता. "काय सांगू मामा," ते म्हणाले, "आपोआप गेली."

त्यांच्यामागे जिन्यावर रांग होती. गादीच्या खुर्च्यांचीही गादी उसवून आणली होती, आणि त्यांना आता वेतच लावावा असा आग्रह होता. रांगेच्या शेवटी, कमरेचे कडे हाताने सावरीत, स्वतः साहेब उभे होते. त्यांनी विचारले की आपण सकाळी जिच्यात बसलो ती नियमाने आपलीच खुर्ची धरावी लागेल काय. कारण तसे असेल तर ती दुरुस्तीत आहे. मोठ्या कारकुनांनी नियम आठवून सांगितले की धरावी लागेल. साहेब म्हणाले की पाठीला इतका लांबचा प्रवास लगेच पुन्हा झेपलाही नसता.

नगर आता राजधानी नाही. कोणालाही विचारले तरी लोक ते सांगतील, आणि नव्या राजधानीत रिकाम्या इमारती फार देखण्या आहेत असेही सांगतील. येथील कर्मचारी स्टुलांवर आणि खोक्यांवर बसून पूर्वीचेच काम करतात. साहेब अधूनमधून जिन्याखाली वाकून आपल्या खुर्चीची चौकशी करतात. मामा त्यांना सांगतात, "वेत भिजतोय, साहेब. या वेळी पुरता वाळल्याशिवाय देणार नाही." यात लबाडी मुळीच नाही. मामा आता खरोखरच प्रत्येक जाळी पुरती वाळू देतात.

मुलीला निरोप गेला की एवढ्यात जमेलसे दिसत नाही.

एके दुपारी मामी डबा घेऊन आल्या, तेव्हा त्या तिरक्या खोलीत खुर्च्यांवर खुर्च्या रचलेल्या होत्या. गोणपाट अंथरावयास वीतभर जमीन मोकळी नव्हती. त्यामुळे मामा नाइलाजाने दाराशी, नुकत्याच वाळलेल्या एका खुर्चीवर बसून विणीत होते. जन्मात पहिल्यांदाच बसले होते, आणि काहीसे डाव्या अंगावर कलले होते.

मामींनी डबा खाली ठेवला, दारातून त्यांना नीट पाहून घेतले आणि म्हणाल्या, "अहो, पुष्कळ विराजलात. आता विराजधाना, आणि हात धुऊन या."